मेलेल्या नायकाचं लग्न

दादरच्या सभागृहात संध्याकाळी नव्या चित्रपटांवर समीक्षकांचा वाद रंगायचा होता. त्याऐवजी आतल्या खोलीत समीक्षक गजानन धुरींचं प्रेत पडलं होतं. गळ्याभोवती त्यांचाच मफलर आवळलेला.

"खून चारच्या सुमारास," खासगी गुप्तहेर अनंत तिरोडकर आपल्या जुन्या सोबत्याला, कुशाबाला म्हणाले. "तू कुठे होतास रे?"

"परळला, तीनच्या खेळाला. आजच लागलाय तो सामाजिक चित्रपट. पण अण्णा, नायक मध्यंतराआधीच मरतो नि नंतर ऐटीत बोहल्यावर चढतो! मध्यंतरात बाहेर आलो, तर मोर्च्यामुळे रस्ता बंद. रिळवाला सायकल खांद्यावर घेऊन धापा टाकत येतोय."

समीक्षक मृणालिनी सबनीसला पकडून न्यायला फौजदार उभाच होता. "तुमचं तोंड कुणीतरी बंद करायला हवं," असं तिनं मागच्या सभेत धुरींना भर व्यासपीठावर सुनावलं होतं.

"मी गिरगावात पौराणिक चित्रपट पाहत होते. एकटीच," ती म्हणाली. "धुरी कालच म्हणाले, उद्या सभेत एकाचं बिंग फोडतो."

तिसरे समीक्षक वामन केळुसकर मात्र शांत होते. "मी परळला होतो, तीन ते सहा. चित्रपट आधी कुणालाच दाखवला नव्हता, म्हणून पहिलाच खेळ गाठला."

"कसा वाटला?"

"शेवट लाजवाब! नायक आईच्या मांडीवर प्राण सोडताना म्हणतो, 'आई, दिवा मालवू नकोस, मी वाट चुकेन.' लोक डोळे पुसतच बाहेर पडले."

शब्दन्‌शब्द बरोबर होता. पण कुशाबानं तोंड उघडताच अण्णांनी त्याचा पाय दाबला.

"केळुसकर, दोन थिएटरांत मिळून या चित्रपटाची एकच प्रत आहे," तिरोडकर म्हणाले. "रिळं सायकलवरून इकडून तिकडे जातात. आज मधली रिळं मोर्च्यात अडकली, शेवटची दुसऱ्या वाटेनं आधी पोचली. प्रेक्षक खवळतील म्हणून परळवाल्यांनी हाती आली तीच लावली. तिथला खेळ मरणावर नाही, लग्नावर संपला. तुम्ही तिथे नव्हताच."

केळुसकरांनी दाराकडे पाहिलं.

"मग न पाहिलेल्या चित्रपटातलं वाक्य तोंडपाठ कसं? कारण ते तुमचंच. टोपणनावानं संवाद लिहिलेत आणि इथे बसून आपलीच वाहवा करणार होतात. धुरी आज तेच सांगणार होते."

मृणालिनी मटकन खाली बसली आणि हमसून हमसून रडू लागली. फौजदारानं केळुसकरांचा दंड धरला.

दाराशी ते थबकले. त्यांनी हलक्या आवाजात कुशाबाला विचारलं, "खरं सांगा, त्या वाक्याला लोक रडले ना?"

कुशाबाला त्या माणसाची भीती वाटली, आणि कीवही आली.

"नाही हो," तो म्हणाला. "गोष्टच कळेना, म्हणून लोक खुर्च्या बडवत होते."