डब्यातल्या त्रेचाळीस जणी

त्रेचाळीस गोगलगायी कड्यावरच्या एका कपारीत जिवंत पोहोचवायच्या, एवढंच काम होतं. ऐकून हसाल! पण तांदळाच्या दाण्याएवढी ही जात जगात फक्त त्याच कपारीत होती. सहा वर्षांपूर्वी वणव्यात कपार जळाली आणि तेव्हापासून तिथे कुणाला एकही दिसली नाही. त्याआधी प्रयोगशाळेत आणलेल्या पाच-सहा जणींचा वंश तिथल्या मावशींनी सांभाळला; म्हणून सगळे त्यांना गोगलमावशीच म्हणत. रोज शेवाळ बदलायचं, पाणी फवारायचं. त्यात रविवार नाही की आजारपण नाही.

कड्याच्या पायथ्याशी मावशींच्या दिरांनी गाडी थांबवली.

"वहिनी, दादाला एवढं जपलं असतंत तर!"

"तुमच्या दादांना डब्यात ठेवता येत नाही ना भाऊजी!"

दीर गाडीपाशी थांबले. पुढे निघाली 'सरडी', लहानपणापासून कडे चढणारी पोरगी, आणि तिच्या दोरीला बांधलेल्या मावशी. पिशवीत डबा, डब्याला चिकटून बर्फ. आतला पारा पंचवीसच्या वर गेला की खेळ खलास.

दरडीने नेहमीची सावलीची वाट बुजवून टाकली होती. नाइलाजाने दोघी उन्हाच्या अंगाने चढू लागल्या. कातळ असा तापला होता की हात टेकवेना. पारा बावीस. मग तेवीस.

"मावशी, आता अरुंद आहे. खाली बघू नका!"

मावशींनी पाय टाकला आणि पायाखालचा दगड निखळला! दोरी ताणली. खांदा कड्यावर आपटला. पिशवी उलटी झाली आणि बर्फ घरंगळत दरीत गेला. मावशींनी डबा मात्र छातीशी घट्ट धरला होता.

"सोडू नकोस गं!"

"तुम्हाला की डब्याला?" सगळा जोर लावून सरडीने त्यांना वर ओढलं.

वर येताच मावशींनी प्यायचं सगळं पाणी रुमालावर ओतलं आणि तो डब्याला गुंडाळला.

"अहो, आपण काय प्यायचं?"

"आपल्याला तहान लागली तर ओरडता येतं. ह्यांना येतं का?"

कपार आली तेव्हा पारा चोवीसवर होता. आत मात्र काय गारवा! छतातून पाणी ठिबकत होतं, जळक्या दगडांवर नवं शेवाळ धरलं होतं. कुठे सोडायच्या ते पाहायला मावशी पालथ्या पडल्या आणि भिंग डोळ्याला लावून दगड न दगड बघू लागल्या.

"डबा उघडलास का तू?"

"छे हो!"

"मग ही कोण?"

दगडाच्या पोटाशी एक गोगलगाय चिकटली होती. मावशींच्या डब्यातल्या प्रत्येकीच्या शंखावर ओळखीसाठी नेलपॉलिशचा लाल ठिपका होता. हिच्या शंखावर काहीच नव्हतं! तिने हळूच शिंगं बाहेर काढली. शेजारी तिच्याहून चिमुकली दोन पिल्लं होती.

"इथलीच आहे गं! जगल्यात!"

सरडीने आरोळी ठोकली. "मग सोडा की आपल्या पण!"

मावशींनी डब्यावर हात ठेवला, पण झाकण उघडलं नाही.

"आपल्या डब्यात वाढलेल्या. अंगावर कसला रोग असेल, कुणास ठाऊक. इथे कुणीच नसतं तर सोडल्या असत्या. आता इथल्यांना लागण झाली म्हणजे?"

"पण तुमची सहा वर्षं? आणि एवढं चढलो ते?"

मावशींना रडूच कोसळलं. ह्या क्षणाची त्यांनी किती वाट पाहिली होती! सरडी त्यांच्या पाठीवर हात फिरवत राहिली. मग मावशींनी नाक पुसलं, त्या मायलेकरांचे फोटो काढले, ठिबकत्या पाण्याखाली बाटल्या भरून घेतल्या आणि रुमाल पुन्हा चिंब केला. पारा वीसवर उतरला. डबा पाठीशी बांधून दोघी एकेक पाऊल चाचपत खाली निघाल्या.

खाली पोहोचेपर्यंत ऊन कललं होतं. दिरांनी आधी मावशींचा खरचटलेला खांदा पाहिला, मग डबा. त्यांचा चेहरा पडला.

"वहिनी, सोडल्या नाहीत? मेल्या की काय?"

"ठणठणीत आहेत सगळ्या!" मावशींचं हसू काही केल्या आवरेना. "भाऊजी, गरजच पडली नाही!"