रंभाबाईंचा आवाज

आखातातल्या जिदहफ्सच्या दातांच्या दवाखान्यात दीप्ती फोन घ्यायची. तुमच्याशी नुसतं बोललं तरी अर्धी दाढदुखी थांबते, असं पेशंट म्हणत. त्यामुळे तिथल्या मराठी मंडळाने वर्धापनदिनासाठी वीस मिनिटांचा एकपात्री प्रयोग मागितला, तेव्हा तिने लगेच होकार दिला. विषयही आयता सापडला: मूकपटांच्या काळातली नटी रंभाबाई.

रंभाबाईंची ट्रंक मुहर्रकला ओळखीच्या अकीलाचाचींकडे होती. चाची मूळच्या रत्नागिरीच्या. त्यांचे आजेसासरे मोत्यांच्या एका व्यापाऱ्याकडे कारकून होते, आणि त्या व्यापाऱ्यानेच बाईंना इथे आणलं होतं. ट्रंकेत हस्तपत्रकं, कात्रणं आणि एक फोटो. बाई अकराव्या वर्षी नाटक कंपनीत गेल्या. पुरुषच लुगडी नेसून नायिका व्हायचे त्या काळात ही खरीखुरी बाई रंगमंचावर उभी राहिली, म्हणून लोकांनी शेण फेकलं. पुढे चौदा मूकपट केले, आणि प्रत्येकात पहिलं नाव त्यांचंच. मग बोलपट आला. आवाजाच्या चाचणीत स्टुडिओतले झाडून सगळे हसले. त्यानंतर त्यांना कुणीही बोलावलं नाही.

"इथं बावीस वर्षं राहिली बाई. सगळ्यांशी खुणा करून बोलायची. एक शब्द तोंडातून नाय," चाची म्हणाल्या. ट्रंक त्यांनी हाताने उचलली नाही, पायाने पुढे सरकवली. "घेऊन जा. परत आणू नकोस. खलास."

दीप्तीने संहिता लिहिली. मधे हशा हवा म्हणून ती चाचणी घातली आणि बाईंची नक्कल बसवली, चिरक्या, फाटक्या आवाजात. घरी करून दाखवली तेव्हा तिचा नवरा सुयोग पोट धरून हसला.

दुसऱ्या दिवशी तिने तालीम मोबाइलवर रेकॉर्ड केली. पाहिली तर एसीची घरघर होती, रस्त्यावरचा हॉर्न होता, तिची पावलंही वाजत होती. नकलेच्या जागी मात्र नुसते ओठ हलत होते. मोबाइल बिघडला असेल म्हणून तिने सुयोगच्या मोबाइलवर पुन्हा केली. आता नकलेच्या आधीचं पानही मुकं झालं होतं.

आठवड्याभरात ते दवाखान्यापर्यंत पोचलं. समोर उभ्या माणसाला तिचं बोलणं ऐकू येई, फोनवरच्याला नाही. लोक "हॅलो? हॅलो?" करून फोन ठेवून देत. चिपळूणहून आई करवादली, "अगं बोल की! नुसता श्वास काय सोडतेस?" घशाच्या डॉक्टरांनी नळी घालून पाहिलं, स्वरतंतू ठणठणीत. दवाखान्याच्या मॅनेजरने फोनवर दुसरी मुलगी बसवली.

"ती नक्कल काढून टाक," सुयोग म्हणाला.

"मेलेल्या बाईला भिऊ?"

"भिऊ नकोस. नोकरी गेल्यावर व्हिसाचं काय ते तूच बघ मग."

त्या रागात दीप्तीने नक्कल आणखी लांबवली. ती करताना गळा आवळल्यासारखा झाला. बोटांनी आवळावा तसा. पण बोटं आतून होती.

शुक्रवारी दुपारी सनाबिसमधला मंडळाचा हॉल भरला. दीप्तीने नमस्कार केला आणि सुरुवात केली. माइकमधून आवाज खणखणीत येत होता. तिला हायसं वाटलं. नकलेची जागा आली. तिने तोंड उघडलं.

आवाज आला. चिरका नव्हता. भरदार, खालच्या पट्टीतला, शेवटच्या रांगेला धरून हलवणारा.

"हसा."

कुणी हसलं नाही.

"तेव्हा हसलात ना? आता हसा."

दीप्तीने तोंड मिटलं.

आवाज चालूच राहिला.

तो चौदाही मूकपटांतले संवाद म्हणत होता, कधी कुणी न ऐकलेले. समोर बायका डोळे पुसत होत्या. दीप्तीने सुयोगला हाक मारली. घशातून वाराही निघाला नाही.

टाळ्यांचा कडकडाट झाला. लोक उभे राहिले. सगळ्यांच्या नजरा दीप्तीच्या जरा डावीकडे, तिच्या खांद्याच्या उंचीवर खिळल्या होत्या.

सुयोग पुष्पगुच्छ घेऊन वर आला. चेहरा कौतुकाने फुललेला.

"काय बोललीस गं आज!"

त्याने गुच्छ तिच्या शेजारच्या मोकळ्या जागेपुढे धरला आणि हात काढून घेतला.

गुच्छ खाली पडला नाही.