वाय अक्षावरचा हात

शलाका डबा द्यायला उद्यमनगरातल्या घरच्या कारखान्यात शिरली, तेव्हा बाबा सीएनसी मशीनच्या सरकत्या टेबलावर हात ठेवून उभे होते. सकाळची पहिली फेरी रिकामी, अगदी संथ चालवायची आणि मशीन तापेपर्यंत हात काढायचा नाही, ही त्यांची जुनी रीत. ती लहान होती तेव्हापासून कूलंटच्या तेलकट वासात तिनं त्यांना असंच पाहिलं होतं.

"आशीर्वाद देताय काय त्याला?"

"नाडी बघतोय."

ती हसली, डबा ठेवून निघाली. त्याच रात्री झोपेत बाबा गेले.

दिवसकार्य झाल्यावर शलाकानं मशीन सुरू केलं, तर टेबल पुढं-मागं सरकवणारा वाय अक्ष रोज पहिल्याच फेरीत अडू लागला. टेबल ठरलेल्या जागेपुढं जाई, गजर वाजे आणि मशीन बंद पडे. दुरुस्तीला आलेल्या मुबीनभाईंनी केबल तपासली, दोन अक्षांच्या सर्वो मोटारी आपसांत बदलून पाहिल्या. दोष मोटारीबरोबर हलला नाही, वायवरच राहिला.

"मोटर ठणठणीत आहे, ताई. खोट ह्याच्या आठवणीत आहे." त्यांनी स्मरणनियंत्रकाच्या डबीवर टिचकी मारली. "हा रोजचा भार शिकतो आणि दुसऱ्या दिवशी तेवढा जोर आधीच लावतो. अजून काकांचा हात धरूनच चाललाय. हात नाही, म्हणून टेबल पुढं सटकतं."

"मग नव्यानं शिकेल की."

"फेरी पुरी झाली तरच शिकतो. गजर झाला की धडा बाद. पुसू का? लगेच होईल. पण काकांनी शिकवलेलं सगळं जाईल."

"पुसू नका. मी ठेवते हात."

तिनं बाबांसारखाच डावा तळवा ठेवला. गजर वाजला. मग दोन्ही हात दाबून धरले. पुन्हा गजर.

"भार कमी पडतोय," मुबीनभाई हळू आवाजात म्हणाले.

शलाका ओणवी झाली, कोपरं टेकली, सगळं अंग टेबलावर सोडलं. टेबल तिला घेऊन निमूट सरकलं, टोकाला जाऊन परत आलं. फेरी पुरी झाली.

ती तशीच राहिली. बाबा काही तिच्याहून जड नव्हते. एवढा भार नुसत्या ठेवलेल्या हाताचा नव्हता. उभं राहायला आधार लागणाऱ्या माणसाचा होता.

मुबीनभाई हत्यारं गोळा करायच्या निमित्तानं दाराकडं गेले.

"बाबा," ती टेबलाला म्हणाली, "दमलाय का तुम्ही? बसा जरा."