उखर्डूचं नाव पुसलं तेव्हा

यात माझ्या पदरचं एक अक्षर नाही. साल छप्पन, वैशाख, बुऱ्हाणपूरचा बुधवारा मोहल्ला. भर दुपार. मी बारा वर्षांचा.

राज्यांची वाटणी चालली होती. रातोरात भिंतींवर घोषणा उमटायच्या. वरून आदेश आला... भिंतीवर अक्षर दिसलं की गुन्हा. चुना फासा.

माझे वडील पोलिसात जमादार. त्यांना एकच कलम पाठ: वरून आलं की करायचं.

धुरपदाबाईच्या भिंतीवर गेरूनं तिच्या मुलाचं लग्न लिहिलं होतं. 'उखर्डू आणि सुलभा'.

"जमादारदादा, हे लग्नाचं हाय. सरकार लग्नालाबी भ्यातं का?"

"कायद्याला वाचता येत नाही, बाई. त्याला नुसती भिंत दिसते." वडील हसले.

"तीन लेकरं गेली माझी. हा झाला तवा उकिरड्यावर लोळवला, उखर्डू म्हटलं. मरणाला वाटावं, कचरा हाय. त्या नावावर जगला तो. पुसू नका."

वडिलांनी कुंचा फिरवला.

सर्र... सर्र...

'उखर्डू' गेलं. चुना तिथंच संपला. 'सुलभा' तेवढी राहिली.

हळदीच्या दिवशी उखर्डू तापीवर आंघोळीला गेला.

चौघांनी उचलून आणला.

तीन वर्षांनी माझ्या उषाताईचं लग्न ठरलं. आमच्या भिंतीवर लिहिलं, 'रमेश आणि उषा'.

आम्ही जेवत होतो. बाहेर... सर्र... सर्र...

वडिलांचा घास हातातच राहिला.

गल्लीत कोणी नाही. 'रमेश'वर ओला चुना... ओघळत होता.

पुन्हा लिहिलं. पुन्हा गेलं.

"दादा, मोडा हे लग्न," ताई वडिलांपुढं रडली. "तो मरेल."

वडील धुरपदाबाईकडे गेले. मागोमाग मी. तिनं दोन्ही हात पुढं केले. कोरडे.

"मी कशाला येऊ? माझ्या लेकाचं नाव लिहा. आधी."

जमादार गेरू घेऊन आमच्या भिंतीशी उभा राहिला. गल्ली फिदीफिदी हसली. सगळ्यात वर त्यांनी लिहिलं, 'उखर्डू'. खाली 'रमेश'.

टिकलं. रमेशभाऊजी पुढं ऐंशी वर्षं पार करून गेले.

तेव्हापासून दर दिवाळीला आम्ही 'उखर्डू' हे एक नाव सोडून भिंत रंगवत आलो.

आज सकाळी मी बाजारात होतो. परतलो तर भिंत पांढरीफेक.

"शहर स्वच्छ करायचंय, काका," पालिकेचा माणूस म्हणाला. "ऊपर से आदेश है."

रविवारी माझ्या नातवाचं लग्न. गेरू कालवून ठेवलाय.

आणि बाहेर... सर्र... सर्र...

भिंतीवर अजून मी काहीच लिहिलेलं नाही.

मग पुसलं काय जातंय?