गैरहजर ठरवलेली आया

"कामावर आले नाही म्हणून मला काढलं. आणि मी तर कामावरच होते हो!" विमला मावशींचा आवाज चिरकला.

घाटकोपरच्या त्या लहानशा ऑफिसात मदतनीस सर्वेश परब चहा ओतायचा थांबला. खाजगी तपासनीस नलिनी तांडेल मात्र शांतपणे ऐकत होती.

विमला मावशी मुलुंडच्या एका सरकारी प्रसूतिगृहात आया होत्या. तिथले अधीक्षक श्यामकांत यांनी त्यांना तोंडी हुकमावर आपल्या घरी धाडलं, अंथरुणाला खिळलेल्या आईचं करायला. अख्खा पावसाळा मावशी तिथेच राबल्या. मग एक दिवस म्हातारीला उचलताना न्हाणीघरात घसरल्या आणि डावा खांदा निखळला. दुसऱ्या दिवशी साहेबांनी दार उघडलं नाही. पाठोपाठ बडतर्फी आली, चौकशीसुद्धा न करता. कारण : विनापरवानगी गैरहजर.

"खांद्याचं कोणाला सांगितलंत?"

"कोणाला नाही. वकिलांनाही नाही. हात अधू म्हटलं तर परत घेईल कोण? गुपचूप हाडवैद्याकडून बसवून घेतला."

हायकोर्टात तारीख जवळ आली होती आणि पुरावा शून्य.

प्रसूतिगृहात कल्पिता सिस्टर भेटल्या. "वॉर्डात दिसल्या नाहीत, म्हणून गैरहजर लावलं."

"मग होत्या कुठे?"

सिस्टरनी नजर चुकवली. "मला पोरंबाळं आहेत हो. नोकरी टिकवायचीय."

श्यामकांतांनी दोघांना बसासुद्धा म्हटलं नाही.

"माझ्या घरी? तिने उंबरठाही ओलांडलेला नाही. पावसाळ्याआधी वॉर्डात दिसली, तीच शेवटची. मग गावी पळाली. त्यानंतर मी तिचं तोंड पाहिलेलं नाही, तिच्याबद्दल कोणाशी बोललोही नाही."

"कोर्टाने परत घ्यायला लावलं तर?"

"घेऊन करू काय? डावा हात वर होत नाही, ती बाळंतिणींना उचलणार?"

सर्वेशच्या मुठी आवळल्या. रस्त्यावर येताच तो भडकला, "काय माणूस आहे यार! राबवून घेतलं आणि वर हे असं बोलतो! आणि आपल्या हाती काय लागलं? काहीच नाही."

"लागलं रे," नलिनी म्हणाली. "सगळ्यांना बोलव."

सुनावणीच्या आदल्या दिवशी मावशींच्या वकिलांकडे सगळे जमले. तडजोड होते का पाहायला सरकारी वकीलही श्यामकांतांना घेऊन आले होते. नलिनीने श्यामकांतांना तेच पुन्हा विचारलं. त्यांनी तेच पुन्हा ठणकावून सांगितलं.

"सिस्टर, वॉर्डात असताना मावशींचा हात कसा होता?"

"ठणठणीत. बाळंतिणीला एकट्या उचलायच्या."

नलिनी श्यामकांतांकडे वळली. "हात गेला तो पावसाळ्यात. तेव्हापासून मावशी वॉर्डात फिरकलेल्या नाहीत. चौकशी तुम्ही होऊच दिली नाहीत. त्यांनी स्वतःच्या वकिलांनाही सांगितलं नव्हतं. तुम्ही म्हणता, तोंड पाहिलं नाही, कोणाशी बोललो नाही. मग डावा हात वर होत नाही, हे तुम्हाला कळलं कुठून?"

श्यामकांतांनी सरकारी वकिलांकडे पाहिलं.

"हाडवैद्य सोडला तर हे एकाच घरात ठाऊक असणार. ज्या घरात त्या पडल्या, तिथे."

सर्वेश कपाळावर हात मारून घेणार होता. आपण नुसते चिडलो, ऐकलं काहीच नाही!

सरकारी वकिलांनी पेन खाली ठेवलं. तेवढ्यात कल्पिता सिस्टर उभ्या राहिल्या.

"मी शपथेवर सांगते. मावशी रोज साहेबांच्याच गाडीतून जायच्या. गैरहजर लावायला त्यांनीच सांगितलं. जाऊ दे नोकरी गेली तर!"

हायकोर्टाने बडतर्फी रद्द केली, बुडालेला पगारही द्यायला लावला. श्यामकांतांची मात्र फक्त बदली झाली. सर्वेश ते ऐकून दिवसभर धुसफुसत होता.

रुजू व्हायच्या दिवशी मावशी प्रसूतिगृहाच्या दारातच थांबल्या. नवे अधीक्षक स्वतः बाहेर आले. "या ना मावशी, आत या."

"माझं नाव कामचुकार म्हणून इथे नोटिसांच्या फळ्यावर लावलं होतं. येणारी-जाणारी वाचत होती. आधी कोर्टाचा निकाल लावा तिथे. मग येते."

"लावू हो, उद्या..."

"आत्ता."

शिपाई पिना आणायला धावला. फळ्यावर निकाल लागेपर्यंत मावशी उन्हात उभ्या होत्या आणि त्यांच्या शेजारी, ड्युटी सोडून, सगळ्या आया.