तो सुतार पक्षी नव्हता

एका मोबाइलमधली ध्वनिफीत. किड्यांची किरकिर. कुठलासा पक्षी घसा खाकरल्यासारखा बोलतो. मग लाकडावर काहीतरी आपटल्याचा आवाज. पाच ठोके, थांबा. पाच ठोके, थांबा. पाच ठोके. एक बाई विचारते, "हे काय वाजतंय?" पुरुषी आवाज उत्तर देतो, "सुतार पक्षी. चला, पुढे चला."

•

जळू चावते तेव्हा कळत नाही. रक्त थांबत नाही, तेव्हा कळतं.

•

शिवणवर्गाच्या दारावर चिकटवलेला कागद: चार दिवस वर्ग बंद. कारण लिहिलेलं नाही. काजाचा धडा अर्धाच राहिलाय.

•

सहल-कचेरीतली पाटी, निळ्या अक्षरांत: पुढचा दोन ठोके देईल. मागचा दोन ठोक्यांनी उत्तर देईल. पाच ठोके म्हणजे मदत. यात चूक खपवून घेतली जाणार नाही. हुकुमावरून, मालक.

•

धनेश येतो तेव्हा आधी पंख ऐकू येतात, जुनी गाडी चढावर यावी तसे. मग सगळ्यांच्या माना वर जातात. सगळ्यांच्या.

•

"मॅडम, मालक घळीत पडलेत. हलत नाहीत." फोनवरचा माणूस धापा टाकत होता. "मी वाटाड्या बोलतोय."

*

इन्स्पेक्टर मॅडम दुपारी एकच्या बोटीने आल्या. परतीची बोट चारला होती. त्यानंतर नदीचं पाणी उतरतं आणि दुसऱ्या दिवसापर्यंत बोट नाही.

"चारला कुणाला तरी घेऊन जायचंय," हवालदार म्हणाला. "आणि तो वाटाड्याच. सकाळी मालकाशी त्याचं कडाक्याचं भांडण झालं. अख्ख्या कचेरीने ऐकलं."

"अख्खी कचेरी म्हणजे?"

"एक कारकून आणि एक मांजर."

वाटाड्या व्हरांड्यात बसला होता. पन्नाशीचा, सुकलेल्या वेलासारखा. शेजारी त्याची बायको उभी होती. ती रडत नव्हती. नवऱ्याच्या कपड्यांची पिशवी भरून तयार होती. पिशवीकडे बघितल्यावर मॅडमना रडण्यापेक्षा जास्त वाईट वाटलं.

"मॅडम, याने माशी मारलेली मी बघितली नाही," बायको म्हणाली. "जळूसुद्धा उचलून झाडावर ठेवतो. घरी आम्ही उपाशी असलो तरी जळवा पोटभर."

"भांडण कशावरून?" मॅडमनी वाटाड्याला विचारलं.

"मागचा माणूस तापाने आडवा. मी म्हटलं, आज सहल नको. मालक म्हणाले, मीच मागे चालतो. मी म्हटलं, तुम्हाला मागे चालायची सवय नाही. राग आला त्यांना."

"मागच्याचं काम काय?"

"जंगलात हाका मारायच्या नसतात, पक्षी उडतात. मोठ्या झाडांची मुळं जमिनीवर फळीसारखी उभी असतात. त्यांवर दगड मारला की आवाज लांब जातो. पुढे मी, मागे तो, मध्ये पाहुणे. मी विचारतो, सगळं ठीक? तो सांगतो, ठीक. तोवर मागच्याने जागा सोडायची नाही."

"पाहुण्यांना हे सांगता?"

"नाही हो. सांगितलं की तेच वाजवत बसतात."

*

सहल दोन तासांची. मॅडम पहिली अर्धी वाट स्वतः चालून आल्या.

वळणावर मोठं झाड. त्याची मुळं माणसाच्या छातीएवढी उंच. झाडाला लागून घळ, तीन पुरुष खोल, खाली दगड. परतीच्या वाटेवर मालक तिथे सापडला होता. मुळावर दगडाचे ताजे पांढरे व्रण होते. त्यांच्या बाजूला जुने, शेवाळ धरलेले व्रणही होते. पुष्कळ.

"हे जुने कशाचे?"

वाटाड्याने शेवाळावरून अंगठा फिरवला. "माझ्या सोबत्याचे. तीन वर्षं झाली. मागे तो होता. मुळाशी बसला असताना त्याला साप चावला. आम्ही पुढे दोन गट होतो, माझा गट लांब नदीपाशी. जवळचा गट मालकांचा. त्याने पाच-पाच ठोके दिले. कोणी आलं नाही."

"मालकाने ऐकले नाहीत?"

"चौकशीत ते म्हणाले, ठोके मोजण्यात गोंधळ झाला असावा. म्हणून नियम बदलला. गडी मेला आणि पाटी रंगवली. सगळी जुनी माणसं सोडून गेली. मी राहिलो. म्हातारपणी दुसरं जंगल कोण देतं?"

वळणापासून शंभर पावलांवर धनेशाचं झाड. तिथून वळणामागचं काही दिसत नाही.

गावच्या डॉक्टरांनी मृतदेह बघितला होता. "कंबर मोडली होती," त्यांनी फोनवर सांगितलं. "पडल्यावर लगेच गेला नाही. अर्धा तास तरी जिवंत असेल. शुद्धीतही असेल."

*

पाहुणे चार. दातांचे डॉक्टर, निवृत्त मास्तर, मास्तरांची बायको, आणि एकट्या आलेल्या शिवणबाई.

"धनेशाच्या झाडाखाली किती वेळ होता?" मॅडमनी दातांच्या डॉक्टरांना विचारलं.

"बारा मिनिटं. वाटाड्याने दुर्बीण लावून दिली. तो एक क्षण तिथून हलला नाही. माझा पाय त्याच्या पायावर होता, बिचारा बोलला नाही."

"मग?"

"मग त्याने जवळच्या मुळावर दोनदा टकटक केलं. मागून तीन आले. आम्ही निघालो."

"तीन? नक्की?"

"मॅडम, मी दिवसभर तोंडात बघून दात मोजतो. तीन."

मास्तर म्हणाले त्यांना ठोके ऐकू आले नाहीत. मास्तरांची बायको म्हणाली, "यांना मीही ऐकू येत नाही. तीनच होते."

"तुमच्यासोबतच्या शिवणबाई तेव्हा कुठे होत्या?"

"कोण जाणे. मी धनेशाचं ढोलीतलं बिऱ्हाड बघत होते. नवरा बाहेरून खाऊ आणून देत होता. मी यांना म्हटलं, बघा जरा."

शिवणबाई चाळिशीच्या होत्या. मांडीवर हात एकावर एक ठेवून बसल्या होत्या.

"अशा जंगलात आधी कधी आला होतात?"

"नाही. पहिल्यांदाच."

"धनेश बघितलात?"

"पंख ऐकले."

"मालकांशी बोलणं झालं?"

"चहाच्या वेळी. त्यांनी विचारलं, भीती नाही ना वाटत? मी म्हटलं, तुम्ही मागे आहात ना."

*

साडेतीन वाजले. हवालदाराने बेड्या काढल्या. वाटाड्याच्या बायकोने पिशवी पुढे केली.

"थांबा," मॅडम म्हणाल्या. "सगळ्यांना इथेच बोलवा. पाटीखाली."

सगळे आले. शिवणबाई दाराशी उभ्या राहिल्या.

"हवालदार, पाटी वाचा."

"दोनाला दोन."

"आज दोनाला तीन आले. आता बघा. मालकाने स्वतः पाटी लिहिली. एक ठोका चुकला तरी तो माणसाला झापायचा. तो तीन देईल? मग तीन कोणी दिले? वाटाड्या सगळ्यांसमोर पुढे उभा होता, एक पाय डॉक्टरांच्या बुटाखाली. मग मागे कोण होतं?"

"पण याला तीन ऐकून शंका कशी नाही आली?" हवालदार वाटाड्याकडे बोट दाखवत म्हणाला. "नियम माहीत असून निघाला. म्हणजे सामील."

मॅडम वाटाड्याकडे वळल्या. "जुना नियम काय होता?"

वाटाड्याचा चेहरा उतरला. "दोनाला तीन. विचारलं त्याहून एक जास्त. म्हणजे कुणी नुसता प्रतिध्वनी ऐकून फसू नये."

"किती वर्षं होता?"

"सतरा."

"आणि नवा तीन वर्षं. सतरा वर्षांची सवय कानात बसते. तीन ऐकले आणि तुमच्या डोक्याने परस्पर सांगितलं, ठीक आहे. ही चूक तुमच्याशिवाय कुणाला झाली नसती. नवखा असता तर तिथेच थांबला असता."

वाटाड्याने डोकं धरलं.

"म्हणजे उत्तर देणाऱ्याला फक्त जुना नियम माहीत होता," मॅडम पुढे म्हणाल्या. "नवा नाही. जुन्यांपैकी इथे फक्त वाटाड्या उरलाय. बाकी कुणाला माहीत असणार? ज्याला कुणी जुन्या माणसाने शिकवलं, त्याला. आणि शिकवणारा नियम बदलण्याआधीच गेला." त्या थांबल्या. "वाटाड्या, सकाळी जळवा अडवणारे मोजे कुणाकुणाला बांधून दिलेत?"

"डॉक्टरांना, मास्तरांना, मास्तरीणबाईंना."

"चौथ्यांना?"

"त्यांनी आधीच बांधले होते. दोरी दोनदा फिरवून, टोक आत खोचून..." वाटाड्या बोलता बोलता थांबला. त्याने दाराकडे बघितलं. "माझा सोबती तशीच बांधायचा."

"पहिल्यांदाच जंगलात आलेल्या बाई," मॅडम म्हणाल्या, "तुमचं लग्नाआधीचं आडनाव मी विचारणार आहे. पण चारच्या आत उत्तर नाही मिळालं, तर माझ्या हवालदाराचं काम सोपं आहे. वाटाड्याने भांडण केलं, याचा मित्र मेला, निघताना यानेच डोकी मोजली नाहीत. कोर्टाला एवढं पुरतं."

शिवणबाईंनी वाटाड्याच्या बायकोच्या हातातली पिशवी बघितली. मग त्या पुढे आल्या.

"बेड्या मला घाला. दादा पत्रात लिहायचा, माझा एकच सोबती आहे. त्याला कसं जाऊ देऊ?"

"तुम्ही त्याची बहीण?" वाटाड्या पुटपुटला. "मला अंत्यविधीलासुद्धा येऊ दिलं नाही मालकाने. सीझन आहे म्हणाला."

"माहीत आहे."

"ठोक्यांची भाषा दादाने शिकवली?" मॅडमनी विचारलं.

"सुट्टीत घरी आला की. मी शिवत असले की तो पलीकडून टेबलावर दोन वाजवायचा. मी कात्रीने तीन वाजवायचे. ठीक." त्यांनी मोबाइल टेबलावर ठेवला. "त्या दिवशी मालकाच्या गटात एक पक्षीवेडी होती. तिने आवाज टिपला आणि गेल्या महिन्यात नेटवर सगळ्यांसाठी टाकला. जंगलाचे आवाज म्हणून. ऐका."

त्यांनी फीत लावली. पाच ठोके. पाच ठोके. पाच ठोके. सुतार पक्षी. चला, पुढे चला.

मास्तरांनाही ते ऐकू आलं.

"मी हे चारशे वेळा ऐकलं," शिवणबाई म्हणाल्या. "काज करताना ऐकलं. जेवताना ऐकलं. आज सगळ्यांच्या माना वर गेल्या आणि मी मागे फिरले. तो मुळावर बसून घड्याळ बघत होता. म्हणाला, काय झालं ताई, दमलात? ताई म्हणाला. उठला तसा मी ढकलला."

"तो जिवंत होता."

"होता. ओरडायला दम नव्हता. दगड घेऊन खडकावर आपटायला लागला. पाच-पाच. अगदी हळू. तेवढ्यात पुढून दोन ठोके आले, वाटाड्यादादांचे. मी मुळावर तीन दिले. त्याला ऐकू जावेत असे." त्यांचा आवाज जराही चढला नव्हता. "मग खाली वाकले आणि सांगितलं, सुतार पक्षी आहे."

हवालदाराने बेड्या हातातच धरल्या होत्या.

"पश्चात्ताप?" मॅडमनी विचारलं.

"एका गोष्टीचा. दुसऱ्याच्या नवऱ्याची पिशवी भरली गेली."

वाटाड्या उठला. शिवणबाईंसमोर उभा राहिला. त्याला हात जोडायचे होते की हात उगारायचा होता, त्याचं त्यालाच ठरवता येईना. शेवटी तो खाली बसला. त्यांच्या एका मोज्याची दोरी सैल झाली होती. त्याने ती दोनदा फिरवली आणि टोक आत खोचलं.

"बोटीपर्यंतची वाट ओली आहे, ताई," तो म्हणाला. "जळवा चढतील."

चारच्या बोटीत तीन माणसं बसली.

तीन वर्षांपूर्वीच्या त्या दिवशी मालकाच्या गटाने एकोणीस जातींचे पक्षी पाहिले, आणि सगळे पाहुणे वेळेवर जेवायला बसले.