जागं अस्वल

तपकिरी रंगाची ट्यूब नेमकी हवी तेव्हा संपली, म्हणून ती दुपारीच कोपऱ्यावरच्या दुकानात जाऊन आली. लहान मुलांच्या पुस्तकांसाठी चित्रं काढणं हेच तिचं काम. सध्या हातात होतं झोपताना वाचून दाखवायचं पुस्तक. त्यातलं अस्वल थंडी पडली की गुहेत शिरतं आणि स्वप्नात सगळं रान पालथं घालून येतं. आता एकच पान उरलं होतं. पाचोळ्याच्या गादीवर अस्वल गाढ झोपलंय, संपली गोष्ट.

पान रखडलं होतं ते गुंडीमुळे. गुंडी तिची पाच वर्षांची लेक. तापातून उठली, पण झोप जी गेली ती परतलीच नाही. दिवा मालवला की डोळे टक्क उघडे. डॉक्टर म्हणत, मुलगी ठणठणीत आहे, काळजी करू नका. त्यांना म्हणायला काय जातंय! वडील नोकरीसाठी परगावी, घरात दोघीच, आणि दोघींच्याही झोपेचं खोबरं झालेलं.

संध्याकाळी चित्र पुरं झालं. टेबलावर पसारा होता, म्हणून वाळायला तिनं ते गुंडीच्या पलंगासमोरच्या भिंतीवर टाचलं. जेवण झालं, गुंडी अंथरुणावर पडली, आणि गोष्ट सुरू व्हायच्या आत तिचा डोळा लागला. ती थेट उजाडल्यावरच उठली.

आई धावत आली. लेकीचा मुका घेतला, मग सहज भिंतीकडे पाहिलं.

अस्वलाचे डोळे उघडे होते.

मिटलेल्या पापण्या तिनं स्वतःच्या हातानं रंगवल्या होत्या. आता तिथे दोन काळेभोर, शांत डोळे होते. खोलीत ओल्या पाचोळ्याचा वास भरला होता.

"अस्वल जागं होतं ना," गुंडी जांभई देत म्हणाली, "म्हणून मी झोपले."

जागरणानं आपलंच डोकं ठिकाणावर नाही, अशी तिनं मनाची समजूत घातली. पुस्तकाला झोपलेलं अस्वल हवं होतं. तिनं ब्रश घेतला आणि डोळे पुन्हा मिटवले. त्या रात्री गुंडी पुन्हा जागी. दुसऱ्या रात्रीही. तिसऱ्या दिवशी पोर रडकुंडीला आली.

"आई, तू त्याला झोपवलंस. मग माझ्याजवळ कोण बसणार?"

"मी बसते की."

"तू पेंगतेस."

त्या संध्याकाळी तिनं सगळ्यात बारीक ब्रश काढला आणि अस्वलाचे डोळे आपल्या हातानं उघडले. दुसरा डोळा पुरा होताच खोलीत कुणीतरी सावकाश, खोल श्वास सोडला. तिनं वळून पाहिलं. गुंडी झोपली होती आणि तिच्या उशाशी गादी खोलगट दबली होती. तिनं तिथे तळहात टेकवला.

ऊब होती.

ती दाराशी कितीतरी वेळ उभी राहिली. पळावं, लेकीला उचलावं, चित्र फाडावं... पण गुंडीचा चेहरा इतका निवांत होता की तिला ते जमेना. शेवटी ती हळूच म्हणाली, "सांभाळ बाबा तिला."

पुस्तकासाठी तिनं दुसरं, झोपलेलं अस्वल काढून दिलं. संपादकबाई खूश झाल्या. घरातलं अस्वल भिंतीवरच राहिलं. गुंडीच्या गालांवर गोबरेपणा आला, शाळेतून खोड्यांच्या तक्रारी येऊ लागल्या, तेव्हा आईची खात्री पटली की पोर पूर्ण बरी झाली. भीतीचीही सवय होते. ती जाता-येता उशाशी दबलेल्या गादीकडे पाहून हसायची, कधी पाचोळ्याच्या वासानं तिलाच गुंगी यायची. इतकं सुख तिला कित्येक महिन्यांत लाभलं नव्हतं.

मग एका रविवारी, जेवणं झाल्यावर, तिनंही आपल्या खोलीत जाऊन जरा अंग टाकलं. पडदे ओढलेले, बाहेर आभाळ भरून आलेलं, पलीकडच्या खोलीत गुंडी केव्हाच आडवी झालेली. डोळे जड होत होते, तेवढ्यात पायांशी गादी दबली. कुणीतरी अलगद येऊन बसलं.

ती झोपेतच हसली. "आलास होय? बस... मीही झोपते जरा."

"आई," पलीकडून गुंडीचा पेंगुळलेला आवाज आला, "कुणाशी बोलतेस?"

"तुझ्या अस्वलाशी गं. आज माझ्याकडे आलंय."

पलीकडे पलंग करकरला.

"नाही आई... ते तर इथे बसलंय. माझ्याजवळ."

तिचे डोळे खाडकन उघडले, पण मान उचलायचा धीर झाला नाही.

पायांशी गादी आणखी थोडी दबली... आणि मग गुडघ्यांशी.